भावाला खुनाच्या गुन्ह्यात अटक झाली आहे, जामीन होईल का?

ताईंचा प्रश्न थोडक्यात असा. सांगली जिल्ह्यातल्या त्यांच्या गावात शेताच्या बांधावरून भांडण पेटलं, त्यात एक माणूस दगावला. सहा जणांवर गुन्हा दाखल झाला. ताईंचा २४ वर्षांचा धाकटा भाऊ त्यात आरोपी क्रमांक ५ आहे. त्याच्या हातात काठी होती, असं फिर्यादीत म्हटलंय. अटकेला ७४ दिवस झाले, चार्जशीट अजून आलेलं नाही. कोर्टाच्या आवारात भेटलेल्या एका माणसानं "सेशनला अर्ज टाकू, आठवड्यात पोरगा घरी येईल" असं सांगून मोठी रक्कम मागितली आहे. गावात जो तो म्हणतो, खुनात जामीन होतच नाही. मग खरं काय आणि आता करायचं काय?

ताई, फौजदारी कामं चालवायला लागून मला २५ वर्षं झाली. बहुतेक वेळा आरोपीतर्फे उभा राहिलो, काही प्रकरणांत मयताच्या घरच्यांतर्फेही. दोन्ही बाजूंनी जे पाहिलं ते सांगतो.

आधी गावातल्या बोलण्याचं बघू. खुनाच्या गुन्ह्यात जामीन होतो. भारतीय न्याय संहितेचं कलम १०३ (जुनं ३०२) फाशी किंवा जन्मठेप सांगतं, म्हणून गुन्हा अजामीनपात्र आहे. या शब्दाचा अर्थ लोक 'जामीन नाहीच' असा धरतात. खरा अर्थ असा की जामीन हक्क म्हणून मागता येत नाही. द्यायचा की नाही हे कोर्ट कागद बघून ठरवतं. मॅजिस्ट्रेटचे हात मात्र अशा गुन्ह्यात बांधलेले असतात. नागरिक सुरक्षा संहितेच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या कायद्याच्या) कलम ४८० प्रमाणे आरोपी स्त्री असेल, अल्पवयीन असेल, आजारी किंवा अपंग असेल तर वेगळा विचार होतो, एरवी मॅजिस्ट्रेट अर्ज फेटाळतात. खरा अर्ज चालतो तो सेशन्स (सत्र) कोर्टात आणि तिथे नाही झालं तर हायकोर्टात, कलम ४८३ खाली. जुनं कलम ४३९ होतं, अजूनही सगळे वकील बोलताना तेच म्हणतात, तेव्हा कोणी 'फोर थर्टीनाइन' म्हणालं तर गोंधळू नका.

आता मुद्द्याचं. सहा जणांवर कलम एकच लागलंय, पण जामीन प्रत्येकाचा वेगळा ठरतो. जज पहिल्यांदा बघतात ते या आरोपीनं नेमकं काय केलं असं कागद म्हणतात ते. त्याला आम्ही 'रोल' म्हणतो, भूमिका. कोणी वार केला, कोणी धरलं, कोण नुसता उभा होता, कोणाचं नाव नंतर घुसलं. त्यानंतर येतं आरोपी पळून जाईल का, साक्षीदारांना दमदाटी करेल का, पूर्वीचे गुन्हे आहेत का, तपासात अजून त्याची गरज आहे का. सर्वोच्च न्यायालयानं २०१० मध्ये प्रशांत कुमार सरकार प्रकरणात हे निकष एका ठिकाणी मांडून दिले आणि आजही सेशन्स कोर्टाच्या आदेशांत तेच सापडतात. गुन्हा गंभीर आहे हा त्यातला एक निकष आहे, वजनदार आहे, पण एकटा नाही.

भूमिका म्हणजे काय हे एका जुन्या प्रकरणावरून सांगतो. असंच भांडण, असाच जमाव, आणि माझा पक्षकार कॉलेजात शिकणारा मुलगा. चार्जशीटची नक्कल हातात आली ती साडेतीनशेच्या वर पानांची होती. रात्री ऑफिसात जमिनीवर पानं मांडून मी आणि मुलाचे वडील बसलो होतो. वडिलांना वाचता येत होतं, पण घाबरून ते पहिल्या पानावरच अडकले होते. मी सरळ पी.एम. नोट्स काढल्या, शवविच्छेदनाचा अहवाल. त्यात रकाना १७ असतो, अंगावरच्या बाहेरून दिसणाऱ्या जखमांचा. चार जखमा लिहिल्या होत्या. तीन धारदार हत्याराच्या, मान आणि डोक्यावर. चौथी उजव्या कोपराला खरचटल्याची. फिर्याद सांगत होती की माझ्या पक्षकारानं मयताच्या दोन्ही पायांवर काठीनं जोरजोरात मारलं. पायावर एक ओरखडासुद्धा नव्हता. मग फिर्यादीचा पुरवणी जबाब शोधला. तो नऊ दिवसांनी घेतलेला होता आणि त्यात काठीचा लोखंडी पाइप झाला होता. ती दोन पानं आणि रकाना १७, एवढ्यावर अर्ज उभा राहिला. कोर्टानं पहिल्या दोन आरोपींना जामीन नाकारला आणि त्याच दिवशी त्याच आदेशात या मुलाला दिला.

तुमच्या भावाच्या बाबतीत असंच निघेल असं मी म्हणत नाही. रकाना १७ मध्ये काठीची डोक्यावरची जखम असली तर अर्ज फार अवघड होतो, आणि मी तुम्हाला तसं तोंडावर सांगेन. पण हे कागद बघितल्याशिवाय कोणालाच कळणार नाही. आवारातल्या त्या माणसालाही नाही. कागद न बघता आठवड्याची खात्री देणारा माणूस तुम्हाला फक्त पैसे मागतोय. त्याला एक रुपया देऊ नका, कोणत्याही कागदावर भावाची सही त्याच्यामार्फत घेऊ देऊ नका.

सरकारी वकिलाचा सगळ्यात जोरदार मुद्दा काय असणार तेही ऐकून ठेवा. आरोपी पाच किंवा त्याहून जास्त आहेत, म्हणून न्याय संहितेचं कलम १८९ आणि १९० लागलेलं असणार, बेकायदा जमाव. (जुन्या संहितेत १४९.) या कलमाचं सूत्र असं की जमावाचा उद्देश एक असेल तर वार कोणी केला याला महत्त्व उरत नाही, जमावातला प्रत्येक जण जबाबदार. एपीपी, म्हणजे सरकारी वकील, उभे राहतील आणि म्हणतील, "साहेब, वेगळी भूमिका बघायची गरजच नाही." हा मुद्दा पोकळ नाही. त्याला उत्तर द्यायचं तर घटना कशी घडली ते मांडावं लागतं. भाऊ सगळ्यांबरोबर आला की आरडाओरडा ऐकून रानातून धावत आला? हत्यारं आधीच आणली होती की भांडण तिथल्या तिथे पेटलं? काठी घरून नेली की बांधावरची उचलली? तो मयताला आधीपासून ओळखत होता का, वैर होतं का? ठरवून केलेला हल्ला आणि अचानक उसळलेलं भांडण यात जामिनाच्या टप्प्यावर जमीन-अस्मानाचा फरक पडतो.

आता ७४ दिवसांकडे येऊ, कारण तुमच्या प्रश्नातला हा आकडा सगळ्यात मोलाचा आहे आणि बहुधा तो चुकीचा मोजलेला आहे. मोजणी अटकेपासून होत नाही. कोर्टानं पहिला रिमांड (कोठडीचा आदेश) ज्या दिवशी दिला, त्या दिवसापासून होते, आणि तो दिवस धरून. सर्वोच्च न्यायालयानं २०२३ मध्ये कपिल वाधवान प्रकरणात हे पक्कं केलं. समजा पहिला रिमांड १ मे रोजी झाला. मेचे ३१, जूनचे ३० आणि जुलैचे २९, झाले ९०. २९ जुलैपर्यंत पोलिसांनी चार्जशीट दाखल केलं नाही तर ३० जुलैला तुमच्या भावाला जामिनाचा हक्क मिळतो. हा डिफॉल्ट बेल, नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८७(३) चा. इथे गुन्हा किती भयंकर आहे, पुरावा किती आहे, काही बघायचं नसतं. खुनातसुद्धा मॅजिस्ट्रेटना तो द्यावा लागतो. फाशी, जन्मठेप किंवा दहा वर्षं आणि त्यावरच्या शिक्षेच्या गुन्ह्यांना ९० दिवस, बाकीच्यांना ६०.

पण हा हक्क मागावा लागतो. कोर्ट आपणहून दार उघडत नाही. तुमचा अर्ज चार्जशीटच्या आधी पडला पाहिजे. अर्ज आधी आणि चार्जशीट तासाभरानं नंतर, असं झालं तरी हक्क टिकतो. २०२० च्या एम. रवींद्रन निकालात ते स्पष्ट आहे. उलट झालं तर हक्क संपला. म्हणून त्या सकाळी वकील कोर्टाचं काम सुरू व्हायच्या आधी खिडकीवर हजर हवा आणि अर्जावर तारखेबरोबर वेळही टाकून घ्यायला हवी. माझ्या अनुभवात खुनाच्या तपासात तपासी अंमलदार ८५ ते ९० दिवसांच्या दरम्यान चार्जशीट आणतोच, त्यामुळे यावर फार आशा ठेवून बसू नका. पण तयारी पूर्ण ठेवा, जामीनदारासकट. कारण आदेश झाला आणि तुम्ही वेळेत जामीन दिला नाही, तोवर चार्जशीट आलं, तर मिळालेलं हातचं जातं. हे सर्वोच्च न्यायालयानं २००१ मध्ये महाराष्ट्रातल्याच उदय मोहनलाल आचार्य प्रकरणात सांगून ठेवलंय. दोन वेळा मी हे डोळ्यांसमोर घडताना पाहिलंय. एकदा तर फक्त तलाठी रजेवर होता म्हणून.

एक पोटसूचना: प्रकरणात मोक्का (संघटित गुन्हेगारीविरुद्धचा कायदा) लावला तर हिशेब बदलतो. तिथे सरकारी वकिलाच्या अहवालावर विशेष न्यायालय मुदत १८० दिवसांपर्यंत वाढवू शकतं. बांधाच्या भांडणात ते सहसा होत नाही, पण आरोपींपैकी कोणाची टोळी असल्याची नोंद असेल तर वकिलाला आत्ताच विचारा.

मग आज सेशनला अर्ज टाकायचा का? तुमच्या भावाच्या बाबतीत माझं मत, थांबा. आज तपासाची डायरी पोलिसांच्या हातात आहे, तुमच्या हातात फक्त फिर्याद आहे. ना पी.एम. नोट्स, ना जबाब, ना पंचनामे. तपासी अंमलदार लेखी 'से' (आपलं म्हणणं) देणार की तपास चालू आहे, साक्षीदारांवर दबाव येईल, गावात तणाव आहे. कोर्ट अर्ज फेटाळणार आणि आदेशात "प्रथमदर्शनी सहभाग दिसतो" असं एक वाक्य लिहिलं जाणार. पुढे चार्जशीट आल्यावर दुसरा अर्ज करता येतो, त्याला बंदी नाही, पण जज पहिला प्रश्न विचारतात, परिस्थितीत बदल काय झाला? आणि ते जुनं वाक्य प्रत्येक वेळी सरकारी वकील वाचून दाखवतात. आधीच्या सगळ्या अर्जांची माहिती नव्या अर्जात द्यावीच लागते, २०२४ च्या कुशा दुरुका निकालापासून त्याबाबत फार काटेकोरपणा आलाय. घाईनं फेटाळून घेतलेला अर्ज असा वर्षानुवर्षं मागे लागतो. चार्जशीटआधी अर्ज करण्यासारखी प्रकरणं असतात, फिर्यादीत नावच नाही, आरोपी बाळंतीण आहे, घटनेच्या वेळी माणूस दुसऱ्या जिल्ह्यात होता आणि त्याचा पक्का पुरावा आहे. तुमचं त्यात बसत नाही.

एक गोष्ट मात्र आजच तपासून घ्या. अटक करताना अटकेची कारणं भावाला लेखी दिली होती का, त्याला समजेल अशा भाषेत? नोव्हेंबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं वरळीच्या हिट अँड रन प्रकरणातून आलेल्या अपिलात ठरवलं की कोणताही गुन्हा असो, कारणं लेखी द्यायची, आणि तिथल्या तिथे देता आली नाहीत तर निदान रिमांडला हजर करण्याच्या दोन तास आधी. कारणं आणि अटकेची माहिती यात फरक आहे. कलमांची यादी दिली म्हणजे कारणं दिली असं होत नाही. ते पान मिळवा. त्यात उणीव असेल तर तो स्वतंत्र मुद्दा आहे आणि त्यासाठी चार्जशीटची वाट बघायची गरज नाही.

चार्जशीट आलं की मॅजिस्ट्रेट केस सेशन्सला कमिट करतात, म्हणजे वर्ग करतात, आणि आरोपीला नक्कल फुकट मिळते. ती नक्कल पूर्ण, पान न गाळता घ्या. त्यात काय शोधायचं ते वर आलंच: रकाना १७, फिर्याद आणि पुरवणी जबाब यांतला फरक, डोळ्यांनी पाहिलेल्या साक्षीदारांचे जबाब किती दिवसांनी घेतले. त्याशिवाय जप्तीचा पंचनामा. काठी भावानं काढून दिली असं दाखवलंय का, कुठून, त्यावर रक्त आहे का. रासायनिक तपासणीचा सी.ए. रिपोर्ट बऱ्याचदा चार्जशीटबरोबर नसतोच, मागून येतो. तो आला नाही म्हणून चार्जशीट अपुरं, हा युक्तिवाद सहसा टिकत नाही, त्यावर वेळ घालवू नका.

अर्ज सुनावणीला लागला की तुमच्याकडून होणाऱ्या दोन चुका सगळं घालवू शकतात.

पहिली, जुना गुन्हा लपवणं. भावावर पूर्वी मारामारीचा, जुगाराचा, काहीही गुन्हा असेल तर तो वकिलाला सांगा. पोलीस 'से'बरोबर गुन्ह्यांची यादी जोडतातच. अर्जात 'पूर्वी एकही गुन्हा नाही' असं लिहिलेलं आणि समोर यादी आली की बाकी सगळे मुद्दे ऐकून घेण्याची कोर्टाची तयारीच संपते. सांगितलेला जुना गुन्हा अर्ज बुडवत नाही.

दुसरी चूक याहून मोठी. साक्षीदाराच्या दारात जाणं. एका प्रकरणात आरोपीचे दाजी 'नुसतं बोलायला' म्हणून मयताच्या चुलत्याकडे गेले. सोबत गावातले दोन मानकरी होते, चहा झाला, आवाज चढला नाही. तिसऱ्या दिवशी त्या चुलत्यानं पोलीस ठाण्यात लेखी अर्ज दिला की आमच्यावर दबाव आणतात. जामीन जवळजवळ ठरलेला होता, तो फेटाळला गेला. मी दाजींवर चिडलो होतो, पण खरं सांगायचं तर त्या चुलत्याचंही चुकलं नव्हतं. ज्याच्या घरचा माणूस गेलाय, त्याला आरोपीकडचा माणूस दारात दिसला की तो चहा गोड लागत नाही. मयताच्या घरच्यांना जामिनाच्या सुनावणीत बोलायचा अधिकारही आहे. २०२२ मध्ये लखीमपूर खेरी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं जामीन रद्द करताना तेच एक मोठं कारण दिलं. त्यांचा वकील उभा राहील, जोरात विरोध करेल. तो त्यांचा हक्क आहे. त्याला शत्रुत्व समजून गावात बोलू नका.

सेशन्सनं नाकारलं तर हायकोर्ट. तुमच्या जिल्ह्यासाठी आता मुंबईच्या फेऱ्या नाहीत. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आणि सांगली, सातारा, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याखाली आले. पहाटेच्या गाडीनं मुंबईत फोर्टातल्या हायकोर्टात जाऊन, बोर्डावरचा (दिवसाच्या यादीतला) आपला नंबर न लागल्यानं रात्री तसंच परत येणारी कुटुंबं मी वर्षानुवर्षं पाहिली आहेत, त्यामुळे हा बदल माझ्यासाठी छोटा नाही. नियमित जामीन अर्ज दोन आठवड्यांत निकाली काढावेत असं २०२२ च्या सतेंदर कुमार अंतिल निकालात म्हटलंय. प्रत्यक्षात 'से' यायला, डायरी यायला वेळ जातो. तरी हा निकाल वकिलानं प्रत्येक तहकुबीला नम्रपणे दाखवावा.

हायकोर्टातही नाही झालं, तर? तिथून पुढे वेळ स्वतःच मुद्दा होतो. जावेद गुलाम नबी शेख नावाच्या आरोपीला मुंबईत २०२० मध्ये बनावट नोटांच्या प्रकरणात अटक झाली, यूएपीएसारखा कडक दहशतवादविरोधी कायदा लागलेला. चार वर्षांनंतरही आरोप निश्चित झालेले नव्हते आणि साक्षीदार ८० तपासायचे होते. जुलै २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं जामीन दिला आणि सांगितलं की गुन्हा कितीही गंभीर असो, वेळेत खटला चालण्याचा हक्क आरोपीला घटनेच्या अनुच्छेद २१ नं दिलाय, आणि सरकारला तो खटला चालवता येत नसेल तर गुन्ह्याच्या गांभीर्याचं कारण देऊन जामिनाला विरोध करू नये. यासाठी आजपासून रोजनाम्याच्या नकला जमवत चला. प्रत्येक तारखेला काय झालं, आरोपीला जेलमधून आणलं का, साक्षीदार आला का, तारीख कोणी मागितली. तारखा आपल्या वकिलानं मागितलेल्या निघाल्या तर हा मुद्दा आपोआप मरतो.

एक संदेश मोबाइलवर फार फिरतोय, की नव्या कायद्यात शिक्षेच्या एक तृतीयांश काळ जेलमध्ये काढला की पहिल्यांदा गुन्हा करणाऱ्याला सोडतात. ते कलम ४७९ आहे आणि खरं आहे, पण ज्या गुन्ह्याला फाशी किंवा जन्मठेप होऊ शकते त्याला ते लागू नाही. तुमच्या भावाला त्याचा उपयोग नाही.

आदेश झाला की माणूस सुटला, असं घरच्यांना वाटतं. खरी धावपळ तिथून सुरू होते. आदेशात साधारण लिहिलेलं असतं, इतक्या रकमेचा जातमुचलका (आरोपीची स्वतःची लेखी हमी) आणि तितक्याच रकमेचे एक किंवा दोन जामीनदार. एका प्रकरणात आरोपीचे मामा जामीनदार म्हणून आले, धुतलेलं धोतर, हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत सातबारा. क्षेत्र भरपूर होतं. कोर्टातल्या कारकुनानं उतारा उलटसुलट पाहिला आणि इतर हक्कांच्या रकान्यावर बोट ठेवलं, सोसायटीच्या कर्जाचा बोजा. मामांनी ते कर्ज दोन वर्षांपूर्वी फेडलं होतं, पण बोजा कमी करून घेतला नव्हता. ती नोंद निघेपर्यंत भाचा अठरा दिवस आत राहिला, जामिनाचा आदेश खिशात असताना. म्हणून आत्ताच, अर्जाच्याही आधी, दोन जामीनदार ठरवा. ताजा सातबारा आणि आठ-अ काढा, बोजा आहे का बघा, आधार, रेशनकार्ड, फोटो, आणि लागलं तर तहसीलदाराचं ऐपत प्रमाणपत्र. जामीनदाराला नीट समजावून सांगा की तो कशावर सही करतोय. आरोपी तारखेला आला नाही तर रक्कम त्याच्याकडून वसूल होते. शब्दाखातर आलेल्या भोळ्या माणसाला अंधारात ठेवून सही घेणं मला कधीच पटलेलं नाही.

जामीनदार लगेच उभा राहत नसेल तर काही आठवड्यांसाठी रोख रक्कम भरून सुटण्याची परवानगी मागता येते, हायकोर्ट ती बऱ्याचदा देतं. रक्कम झेपणारी नसेल तर कमी करून मागा, लाजू नका. १९७८ मध्ये मोतीराम नावाच्या मध्य प्रदेशातल्या गवंड्याला १०,००० रुपयांचा जामीनदार आणायला सांगितलं होतं आणि भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून भावाला नाकारलं होतं. सर्वोच्च न्यायालयानं ते चूक ठरवलं. जानेवारी २०२३ च्या निर्देशांप्रमाणे जामिनानंतर सात दिवसांत कैदी सुटला नाही तर जेल अधीक्षकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवायचं आहे, आणि महिनाभरात जामीनदार मिळाला नाही तर कोर्ट आपणहून अट सैल करण्याचा विचार करू शकतं.

सुटल्यावर अटी असतील. दर सोमवारी ठाण्यात हजेरी, तालुक्यात प्रवेश बंद, साक्षीदारांशी संपर्क नको. त्या अक्षरशः पाळायच्या. गावजत्रा आहे म्हणून एका रात्रीपुरता गावात आलेला मुलगा पुन्हा आत गेल्याचं मी पाहिलंय. त्याचा फोटो कोणीतरी स्टेटसला ठेवला होता. आणि अटी पाळूनही वरच्या कोर्टात आदेश टिकला पाहिजे. कन्नड अभिनेता दर्शन याला खुनाच्या प्रकरणात कर्नाटक हायकोर्टानं दिलेला जामीन सर्वोच्च न्यायालयानं ऑगस्ट २०२५ मध्ये रद्द केला. म्हणून अर्जात खोटं काही नको आणि युक्तिवादात कागदाबाहेरचं काही नको. जो आदेश कागदांवर उभा असतो तो हलवायला अवघड जातो.

पैशाचं. भाऊ कोठडीत आहे, म्हणून उत्पन्न कितीही असलं तरी त्याला मोफत वकील मिळण्याचा हक्क विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ नं दिलेला आहे. जिल्हा न्यायालयाच्या आवारातच कार्यालय असतं. फुकटचा वकील म्हणून नाक मुरडू नका. तिथले काही वकील मी स्वतःच्या पक्षकारासाठी सुचवेन इतके चांगले आहेत. खासगी वकील केला तर वकीलपत्रावर कोणाचं नाव आहे ते वाचा आणि दिलेल्या पैशांची पावती मागा.

या आठवड्यात एवढं करा. पहिल्या रिमांडच्या आदेशाची प्रमाणित नक्कल काढा आणि कॅलेंडरवर ९० वा दिवस लाल शाईनं लिहा. अटकेच्या कारणांचा कागद मिळवा. मामा, काका जे कोणी असतील त्यांचे उतारे तपासून घ्या. भाऊ भेटला की त्याला सांगा, तब्येत सांभाळ, कोणत्याही कोऱ्या कागदावर सही करू नकोस, आणि आतल्या कोणालाही त्या दिवशी काय झालं ते सांगू नकोस. ती काठी त्याच्या हातात कुठून आली, हे तुम्हाला विचारावंसं वाटेल. मुलाकतीत विचारू नका, शेजारी चार कुटुंबं ऐकत असतात. तो प्रश्न त्याच्या वकिलाला विचारू दे.